पोकळ पाण्याचा निवा

आमच्या घरात मीठ मी बघायची. म्हणजे मीठ बरणीत आहे की संपलं ते नव्हे. कालवणात बेताचं पडलंय की नाही, ते. चुलीवर काहीही रटरटत असलं की आई पळीतलं थोडं माझ्या तळहातावर ओतायची आणि म्हणायची, "शेवंते, बघ गं." मी फुंकर मारून चाटायची आणि मोठ्या ऐटीत सांगायची, "अजून जरा," नाहीतर "झालं." मी कुठं खेळायला गेलेली असले तर आई दारात उभी राहून वाडीभर ऐकू जाईल अशी हाक मारायची आणि शेजारच्या बाया हसायच्या, "सखूची जीभ चिंचेवर चढल्येय, आता सखू रांधणार कशी!" मला त्याचा भारी राग यायचा. आता वाटतं, एवढा मान मला पुढं कुणी दिला नाही, ना सासरी, ना सुनेच्या राज्यात.

आईला मीठ कळत नसे, कारण आई निवेकरीण होती. निवा आता कुणाला माहीत नाही. माझ्या नातीला सांगितलं तर ती म्हणाली, "आजी, असं काही नसतं." बरं बाई, नसतं. पण आमच्या लहानपणी होता, आणि भिवपुरीपासून खालापुरापर्यंतच्या गावांतून त्याला कुणी नवल मानत नसे. थंडी चांगली पडली की डोंगरातल्या झऱ्यांच्या डबक्यांत, ज्या दगडाखाली ऊन कधीच शिरत नाही अशा जागी तो धरायचा. दगड उलटा केला की खालच्या अंगाला पांढरा, मऊ, खरवसासारखा थर. बोट लावलं की हात मनगटापर्यंत निवायचा. बोचरं गार नव्हे. तापात कुणी कपाळावर हात ठेवला की वाटतं तसं. आई तो शिंपल्यानं खरवडायची, तांदळाच्या धुवणात मळायची, गोळा करून करवंटीत घालायची आणि वरून मधाच्या पोळ्याच्या मेणानं तोंड बंद करायची. या करवंट्या आमच्या पाण्याच्या हंड्यांवर शिंक्यात टांगलेल्या असत. मला त्यांना हात लावायची सक्त मनाई होती, म्हणून मी त्यांच्याखाली उभी राहून नुसता वास घ्यायची. ओल्या दगडाचा वास यायचा.

निवा ओढून घेतो. विंचवाची कळ, अंगातला ताप, मनात बसलेलं भय, जे माणसाला सोसवत नाही ते. गोळा दुखणेकऱ्याच्या मुठीत द्यायचा आणि त्यातलाच तांदळाएवढा कण निवेकऱ्यानं आपल्या जिभेखाली धरायचा. मग गप्प बसायचं. मंत्र नाही, अंगारा नाही, लिंबू नाही. बसता बसता पांढरा गोळा राखाडी होत जायचा आणि समोरचा माणूस मोकळा. राखाडी गोळा कुठं टाकायचा नाही. मडक्यात घालून घरातच हंड्यांच्या ओट्याखाली पुरायचा. घेतलेलं तो मग जन्मभर धरून ठेवतो. पण निवा फुकट राबत नसे. विंचवासाठी निवेकऱ्याची जीभ संध्याकाळपर्यंत बधिर व्हायची, तेवढ्यावर भागायचं. दुखणं मोठं असलं की एक चव कायमची जायची. कुठली द्यायची ते त्यानं आधी मनाशी ठरवायचं, आणि ती चव त्या गोळ्याबरोबर ओट्याखाली पुरली जायची.

आईनं पहिल्यांदा कडू दिलं, आणि हसत दिलं. कारल्याची भाजी ती काकडीसारखी खायची. मग तुरट गेलं, त्याचंही कुणाला काही वाटलं नाही. तिखट गेलं तेव्हा बाबांची पंचाईत झाली, कारण तिच्या हाताला मिरचीचा अंदाज राहिला नाही आणि महिनाभर ते जेवताना नाक पुसत बसायचे. आंबट देताना मात्र ती रडली होती म्हणतात. चिंच तिचा जीव की प्राण. आणि मीठ दिलं ते माझ्यासाठी. मी पाळण्यात असताना मला आकड्या यायच्या, डोळे फिरायचे, अंग निळं पडायचं. आईनं निवा माझ्या इवल्या मुठीत कोंबला आणि वरून स्वतःची मूठ आवळून बसली. मी उठले, आणि आजतागायत मला आकडी आलेली नाही. तर मीठ बघायचं काम माझ्याकडं आलं ते असं आलं. एवढं सगळं देऊन आईकडं उरलं होतं गोड.

ही विद्या आईला शिकवली तिच्या मामांनी, खालापूरच्या दौलतमामांनी. सगळा मुलूख त्यांना दौलतमामा म्हणायचा, म्हणून मीही. त्यांच्या सगळ्याच चवी जाऊन बसल्या होत्या. ते आमच्याकडं आले की मी त्यांचं जेवण बघायला समोर ठाण मांडून बसायची. जिलबीबरोबर सुका बोंबील, ताकात गूळ, काहीही. "पोट भरलं की झालं गं," म्हणायचे. मला आधी हसू यायचं. मग एकदा जेवता जेवता त्यांनी हात थांबवून आईला विचारलं, "सखू, ह्ये काय हाय? भात हाय ना?" आणि त्या दिवसापासून मला हसू आलं नाही. मी आईच्या ताटाकडं बघायला लागले. सणाला माझ्या वाटची पुरणपोळीसुद्धा तिच्याकडं सरकवायची.

बाबा पावर हाऊसवर तेलपाण्याच्या कामाला होते. डोंगरावरून मोठमोठ्या नळांतून पाणी खाली यायचं आणि त्याची घुमघुम दिवसरात्र आमच्या घरात चालू असायची. ती कधी थांबली तर आम्ही दचकून बाहेर यायचो. वीज आमच्या डोक्यावरून मुंबईला जायची आणि आमच्या घरात रॉकेलची चिमणी. यंत्रातून सुटलेलं पाणी कालव्यानं खाली वाहायचं, बारा महिने, थंडगार. त्या पाण्याबद्दल आमच्याकडं एक पक्की समजूत होती. बाबा जेवताना समजावून सांगायचे, "सायब काय म्हनतो, पान्यातनं वीज काढतो. बरं, काढली. काढल्यावर पान्यात ती राह्यली का? नाय ना? मंग उरलं काय? चोथा!" म्हणून त्याला सगळे पोकळ पाणी म्हणायचे. त्या पाण्यावरच्या भाताला कस नाही, त्यात धुतलेल्या कपड्याला टिकाव नाही, त्यात पोहलेल्या म्हशीला दूध नाही. तरी भाताला सगळे तेच घ्यायचे आणि म्हशीही त्यातच डुंबायच्या, ते सोडा.

मी सांगते ती गोष्ट घडली त्या हिवाळ्यात आमच्या शिंक्यातल्या करवंट्या रिकाम्या होत्या. पावसाळ्यात डोंगराची कड सुटली होती आणि आमच्या झऱ्यावर झुकलेला भलामोठा खडक गडगडत खाली गेला होता. डबक्यात लख्ख ऊन पडायला लागलं. आईनं दगडामागून दगड उलटे केले, पण शेवाळाखेरीज काही हाती आलं नाही. "यंदाचं साल असंच," म्हणाली आणि परत आली. खरं सांगते, मला आनंद झाला. निवा नाही म्हणजे देणं नाही, आईचं गोड सुखरूप.

आणि नेमकी त्याच आठवड्यात जैनबमावशी आली. आईचं माहेर चौकचं, आणि जैनबमावशी तिची लहानपणची मैत्रीण. दोघींनी एकाच विहिरीवर पाणी भरलेलं. मावशीचं मुंबई-पुणे रस्त्यावर किराण्याचं दुकान होतं. नवरा वारल्यावर तिनं ते एकटीनं चालवलं, आणि एकुलत्या एका मुलाला, इस्माईलला, बोटीवर पाठवलं. तो आगवाला होता, म्हणजे बोटीच्या पोटात भट्टीत कोळसा घालणारा. लढाईत ती बोट बुडाली. हा एका फळकुटाला धरून किती वेळ दर्यात होता ते त्यालाही सांगता येत नव्हतं. वाचला, घरी आला, एवढं आम्हाला ठाऊक होतं. त्यानंतरचं मावशी त्या दिवशी सांगायला आली होती, पण दुपारभर ती भलतंच बोलत राहिली. तांदूळ कसा खराब येतोय, मिल्ट्रीच्या लॉऱ्यांनी रस्त्याची कशी चाळण केलीय, माझं नाक कसं थेट आईवर गेलंय. निघताना चप्पल पायात सरकवली आणि दाराकडं तोंड करून म्हणाली, "सखू, पोर पाणी पीत नाय गं."

मग सगळं बाहेर आलं. पाणी समोर दिसलं की इस्माईल दाराचा खांब कवटाळून बसायचा, बोटं पांढरी होईपर्यंत. तांब्याचा आवाज आला तरी थरथरायचा. आंघोळ नाही, पाण्याचा घोट नाही. मावशी त्याला उसाच्या कांड्या सोलून द्यायची. त्यांच्या रसावर आणि झोपेत ओठांवर पिळलेल्या ओल्या फडक्यावर तो जगत होता. "गालाची हाडं वर आली गं. आता ऊससुद्धा नको म्हनतो." आई लगेच म्हणाली, "मी येते." मावशी एकदम उलटी फिरली. "नको येऊ! तुझ्याकडं काय उरलंय ते मला म्हाईत हाय. मी सांगाया आले, मागाया नाय आले." आणि खरंच, पदर डोळ्याला लावून तरातरा निघून गेली.

ती गेल्यावर मी आईशी जे भांडले, तसं पुढं नवऱ्याशीसुद्धा भांडले नाही. म्हटलं, निवाच नाही तर जाऊन करणार काय? आई म्हणाली, बघू. म्हटलं, त्यांचं पोर, त्यांची बोट, त्यात माझ्या आईची जीभ का? आई कोंबड्यांना दाणे टाकत होती. तिनं माझ्याकडं बघितलंसुद्धा नाही. "तुज्या वेळी मी अशीच हिशोब करत बसले असते तर?" एवढंच म्हणाली. मी पाय आपटत घराच्या मागं जाऊन बसले. बारा-तेरा वर्षांच्या पोरीला दुसऱ्याचं दुःख कळतं, पण आपल्या आईच्या ताटापलीकडचं कळून घ्यायचं नसतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी आई शिंपला घेऊन निघाली ती डोंगराकडं नाही, कालव्याकडं. मी मागोमाग. कालवा जिथं रस्त्याखालून जातो तिथं एक दगडी मोरी होती, आत कायमचा अंधार. आई लुगडं खोचून आत शिरली, पाण्यात वाकली, हात घालून दगड उलटा केला. आणि ओरडली, "शेवंते, बघ, बघ!" पांढरा थर. आमच्या झऱ्यावर धरायचा त्याच्याहून जाड. मी तर तोंडात बोट घालून उभी राहिले. पोकळ पाण्यात निवा धरतो हे कुणाच्या स्वप्नातही आलं नव्हतं, कारण तिथं कुणी कधी बघितलंच नव्हतं. बाबांना सांगितलं तर ते काळजीतच पडले. "चोथ्याचा निवा त्यो. त्याला काय कळ काढायची ताकद असनार?"

मग मी आईला एक अट घातली. म्हटलं, देणार तर दे, पण त्याआधी मी सांगेन ते गोड खायचं. आई हसली, "बरं बाय, खाते." नेमकी शेजारी म्हैस व्यायली होती. मी हातापाया पडून चीक मागून आणला, गूळ-वेलची घालून स्वतःच्या हातानं खरवस केला, पहिल्यांदाच. डबा मांडीवर धरून आम्ही बैलगाडीनं चौकला निघालो. रस्ताभर मी झाकण उघडून बघत होते, मोडला तर नाही ना.

चौकला पोचलो तर ओटीवर दौलतमामा बसलेले. मावशी आधी त्यांच्याकडंच गेली होती. पण त्यांच्याकडं द्यायला काही उरलं नव्हतं, ते काय करणार? नुसते पोराला बघायला आले होते. आईनं करवंटी पुढं केली. मामांनी मेण नखानं उचकटलं, वास घेतला, गोळा दाबून बघितला. "कुठला ह्यो?" आईनं सांगितलं. मामांनी करवंटी खाली ठेवली. "सखू, खुळी झालीस का? पोकळ पान्याचा निवा घेईल, नाय म्हनत नाय. पन धरायचा नाय. आज ना उद्या सगळं सोडून देईल आन् पोराचं भ्या पोराच्या उरावर परत येईल. तुजी चव गेली ती जाईल, हाती काय?" मावशी दारात उभी होती. ती म्हणाली, "मामा बरोबर बोलतात सखू. माघारी जा." आई म्हणाली, "किती दिवस धरेल, मामा?" मामा म्हणाले, "त्ये मी कसं सांगू? असला निवा कुनी वापरलाय का आजवर?" आई थोडा वेळ रस्त्यावरच्या लॉऱ्या बघत राहिली. मग म्हणाली, "चार दिवस धरला तरी चार दिवस पानी पिईल पोर. काढा पाट." मामांनी डोक्यावरचं पागोटं काढून मांडीवर ठेवलं आणि बसून राहिले.

मी डबा उघडला. आईनं खरवस खाल्ला, "झ्याक झालाय," म्हणाली, आणि खरंच झाला होता. मावशीनं सांदणं केली होती, नारळाच्या दुधातली, लुसलुशीत. तिनं ती डोळे पुसत वाढली. आईनं तीही खाल्ली. मी म्हटलं, "आता अजून एक घास खरवसाचा, म्हणजे तो शेवटचा." तर आईनं मावशीच्या टोपलीतली सकाळची तांदळाची भाकरी घेतली, शिळी होत आलेली, आणि तिचा कोरडा तुकडा तोंडात टाकला. चावत राहिली, चावत राहिली. तुम्ही करून बघा कधी. भाकरी खूप वेळ चावली की अगदी शेवटी हळूच गोड लागते. ते एवढंसं गोड आल्यावर आईचे डोळे मिटले. "हीच बरी," म्हणाली. मला माझ्या खरवसाचा फार राग आला आणि रडूही आलं.

इस्माईल खांबाला टेकून बसला होता. मला तो आठवायचा तो उंच, गाणारा, मला खांद्यावर घेणारा. आणि समोर नुसते डोळे होते. आई त्याच्यासमोर बसली, त्याची बोटं एकेक करून खांबापासून सोडवली आणि मुठीत गोळा दिला. कण स्वतःच्या जिभेखाली धरला. बाहेर लॉऱ्या जात होत्या, दुकानातल्या तराजूची साखळी त्यांच्या धक्क्यानं किणकिणत होती. काही वेळानं मला कोळशाचा वास आला. मग तेलाचा. आणि मी बघितलं तर इस्माईलच्या भोवतीची सारवलेली जमीन ओली होत चालली होती. कुठूनही पाणी आलेलं नव्हतं, जमिनीतूनच ओल वर येत होती, शेणाचा रंग गडद होत आईच्या लुगड्यापर्यंत आली. इस्माईल ओल बघून मागं सरकायला लागला. आईनं मूठ सोडली नाही. तोंड बंद ठेवून तिनं मला नजरेनं जवळ बोलावलं आणि जमिनीकडं बोट दाखवलं. मला कळलं. मी तिची जीभ होते ना. मी बोट त्या ओलीत बुडवून तोंडात घातलं.

तशी खारट चव मी पुन्हा कधी घेतली नाही. मिठाची नव्हे ती. कडवट, जळकी, घसा आवळणारी, आणि संपतच नाही अशी. मी दर्या तोवर बघितलासुद्धा नव्हता, पण माझ्या तोंडून आपोआप निघालं, "आये, दर्या हाय." आईनं मान हलवली. म्हणजे निघतंय. तिनं मला पुन्हा खूण केली, मी पुन्हा चाखलं. कमी झालं होतं. पुन्हा चाखलं. शेवटी नुसतं सारवणाचं पाणी लागलं तेव्हा मी म्हटलं, "नाय काय आता." आईनं इस्माईलची मूठ उघडली. गोळा राखाडी झाला होता.

इस्माईल हाताकडं बघत बसला होता. मग घसा खाकरून, फार दिवसांत न वापरलेल्या आवाजात म्हणाला, "अम्मा, लई तहान लागली." जैनबमावशीनं तांब्या काठोकाठ भरून आणला. त्यानं तो घेतला, एकदा आत बघितलं आणि वर करून घटाघटा प्यायला. हनुवटीवरून, गळ्यावरून पाणी वाहत होतं आणि तो पुसत नव्हता. मावशी त्याच्या पाठीवर हात फिरवत मोठ्यानं रडत होती. मामा पागोटं डोळ्याला लावून बसले होते. आणि माझी आई डब्यातला उरलेला खरवस खात होती. मी तिच्याकडं बघितलं. तिनं घास गिळला आणि मला हळूच म्हणाली, "मेणासारखा लागतो गं." मी तिच्या मांडीवर डोकं खुपसलं ते गाडी जुंपेपर्यंत काढलं नाही.

त्या दिवसापासून माझं काम वाढलं. आधी नुसतं मीठ बघायचं होतं, आता जेवायला बसलं की आई पहिला घास घ्यायची आणि म्हणायची, "सांग." मी म्हणायची, गोड आहे. तेवढ्यानं तिचं भागायचं नाही. "गूळ गोड, साखर गोड, मंग दोगींत फरक काय? नीट सांग." मी शोधायला लागले. साखर लगेच गोड आणि लगेच विसरते. गूळ जरा थांबून येतो आणि घशात रेंगाळतो. काकवीला धुराचा वास आहे. बरका फणस लाडात आल्यासारखा, कापा जरा शिष्ट. करवंद आधी भांडतं, मग गोड बोलतं. आई खाता खाता डोळे मिटून ऐकायची, मध्येच हसायची, "करवंद तुज्यावानी हाय म्हन की." लोक मला विचारतात, म्हातारे, तू शाळा चार बुकं शिकलेली, तुला हे लिहायला कुणी शिकवलं? काय सांगू त्यांना? चुलीपुढं बसून आईला जेवू घालत होते, तिथंच शिकले.

काळजी मात्र होतीच. हंड्यांच्या ओट्याखाली तो गोळा पुरलेला, आणि मामांचं बोलणं सगळ्यांच्या डोक्यात. चौकाकडून कुणी आलं की आई आधी विचारायची, "इस्माईल पानी पितो ना?" पीत होता. दौलतमामा गेले तरी पीत होता. त्यानं रस्त्याला मोटारदुरुस्तीचं काम धरलं, त्याचं लग्न झालं. माझंही झालं, मी दहिवलीला आले. माहेरी गेले की आई अजूनही ताट वाढून माझ्यापुढं बसायची आणि म्हणायची, "हां, सांग आता." बाबा वारले, मग मी तिला दहिवलीला घेऊन आले. तरी तेच. घरात कितीही काम पडलेलं असो, दोन्ही वेळा मी तिच्याजवळ बसून घासाघासाला सांगायची. माझी सासू कुरकुरायची, "एवढं काय सांगायचं असतं जेवनात?" पण आईचं जेवण सांगितल्याशिवाय होत नाही हे सगळ्या घराला ठाऊक झालं होतं.

आई अंथरुणाला खिळली त्या वर्षी एकदा मी तिच्यासाठी तांदळाची खीर केली. घरात पाहुणे, चुलीवर दुसरं काहीतरी उतू जात होतं, माझं चित्त थाऱ्यावर नव्हतं. वाटी घेऊन तिच्याशेजारी टेकले, तिला घास दिला आणि सवयीनं सुरू झाले, "गूळ नवा हाय आये, सोनेरी. जरा जास्तीच गोड झालीय, पण जायफळानं सांभाळून घेतलंय..." आई तोंड हलवत माझ्याकडं बघत राहिली. मग म्हणाली, "शेवंते, गूळ घालाया विसरलीस."

मी खीर चाखली. खरंच, गूळ नव्हताच. मी वाटी खाली ठेवली. "आये," म्हटलं, "तुला कसं कळलं?" तिनं गोधडी हनुवटीपर्यंत ओढली. "आये, तुला गोड कळतं? कधीपासनं?" तिनं लहान पोरीसारखं तोंड फिरवलं, भिंतीकडं. मग तिथूनच सांगितलं. इस्माईल आपल्या पोराला पाताळगंगेत पोहायला शिकवायला घेऊन गेला होता, तेव्हापासून. म्हणजे माझ्या धाकट्याच्या बारशाच्याही आधीपासून. त्या दिवशी नदीत पाय घालताच इस्माईलच्या अंगाला कापरं भरलं. जुनं सगळं भय परत त्याच्या उरावर येऊन बसलं. त्यानं स्वतः येऊन आईला सांगितलं होतं. "पन तवर त्याच्या कडेवर पोर व्हतं गं. पोर म्हनत व्हतं, अब्बा, चला. मंग त्यो गेला पान्यात, कापत कापत." आईनं घरी ओटा उकरून बघितला तर मडक्यात गोळा नव्हता, नुसतं चूळभर पाणी. मामा म्हणाले तेच झालं होतं. पोकळ पाण्याच्या निव्यानं धरून ठेवलं नाही. ज्याचं त्याला परत दिलं.

मला राग आला. खरंच आला, खोटं कशाला सांगू? इतकी वर्षं! हातातली कामं टाकून, सासूची बोलणी खाऊन मी घासाघासाला गोष्टी सांगत बसले, आणि हिला सगळं कळत होतं! मी म्हटलं, "मंग बोलली का नाय? मला एका शब्दानं सांगायचं तरी!"

आईनं भिंतीकडचं तोंड माझ्याकडं वळवलं. "सांगितलं असतं तर काय केलं असतंस? ताट म्होरं सरकवून गेली असतीस कामाला. मंग माज्यापाशी कोन बसलं असतं गं?"

बाहेरून कुणीतरी मला हाका मारत होतं, चुलीवरचं जळल्याचा वास येत होता. मी उठले, गूळ किसून आणला, वाटीत घालून ढवळला, आणि पुन्हा तिच्याशेजारी मांडी घालून बसले. आता मला डॉक्टरांनी गोड बंद केलंय, सून डबे उंचावर ठेवते; पण ती खीर मला अजून जशीच्या तशी सांगता येईल. मी चमचा तिच्या तोंडाशी नेला. तिनं घास घेतला, डोळे मिटले आणि म्हणाली, "हां. आता सांग."

मी सांगायला लागले.